इंदिरा बी.ए. ते इंदिरा एम.ए.

सुलोचना म्हटलं की आपल्याला दोघी आठवतात: पडद्यावरच्या सोशिक आई सुलोचनादीदी, नाहीतर लावणीच्या सुलोचना चव्हाण. या दोघींच्या आधीही एक सुलोचना होती. तिचं खरं नाव रूबी मायर्स. १९०७ साली पुण्यात, बगदादी ज्यू घरात जन्मलेली, टेलिफोन ऑपरेटरची नोकरी करणारी मुलगी. मोहन भवनानींनी सिनेमात येण्याबद्दल विचारलं तेव्हा ती आधी नाहीच म्हणाली. बायकांनी सिनेमात काम करणं तेव्हा बदनामीचं होतं. शेवटी ती आली आणि काही वर्षांतच मूकपटांची सगळ्यात महागडी नायिका झाली. महिना पाच हजार रुपये पगार होता म्हणतात.

तिची गोष्ट सहसा अशी सांगतात: १९३१ साली 'आलम आरा' आला, सिनेमा बोलू लागला, हिला हिंदुस्तानी धड येत नव्हती, म्हणून ती संपली. गोष्ट सोपी आहे, म्हणूनच टिकलीय. पण तिच्या सिनेमांची यादी वेगळंच सांगते.

यादीवरच भिस्त ठेवायची, कारण तिचे बहुतेक मूकपट आज बघायलाच मिळत नाहीत. १९२६: 'टायपिस्ट गर्ल'. १९२७: 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे', ज्यात तिनं एकटीनं आठ भूमिका केल्या. माळी, पोलीस, केळीवाली, हैदराबादी गृहस्थ, सगळं तीच. १९२८: 'माधुरी' आणि 'अनारकली'. १९२९: 'इंदिरा बी.ए.'. नोकरी करणारी, शिकलेली, पुरुषाचा वेष घालून फिरणारी, राजपुत्रावर प्रेम करणारी. चारपाच वर्षांत एका नटीला एवढं करायला मिळालं.

आता बोलपटांची यादी बघा. ती थांबली, भाषा शिकली आणि परत आली. १९३२: 'माधुरी'. १९३४: 'इंदिरा एम.ए.'. १९३५: 'अनारकली'. १९३६: 'बम्बई की बिल्ली', म्हणजे तीच 'वाइल्डकॅट'.

भाषेनं संपलेली नटी एवढे सिनेमे करत नाही. आणि मुळात ती आवाजावरच पोट भरणारी मुलगी होती, टेलिफोनवर बोलणं हेच तिचं काम होतं. माझ्या मते अडचण तिच्या जिभेची नव्हती, तिच्यासाठी सिनेमे ठरवणाऱ्यांची होती. तिच्या हाती जुनीच नावं पुन्हा दिली गेली, फक्त आवाज जोडून. इंदिरेची पदवी वाढली, गोष्ट पुढे सरकली नाही: परदेशात शिकलेली मुलगी मनासारखा नवरा निवडते आणि त्याची किंमत मोजते. प्रेक्षकांसमोर मात्र नव्या, गाणाऱ्या नायिका येत होत्या. जुन्या यशाची नक्कल धंद्याला सुरक्षित वाटते, पण ती ज्याच्या चेहऱ्यावर चालते तो चेहरा त्यात झिजतो. आजही एखादी नटी एका प्रकारात हिट झाली की पुढची पाच वर्षं तिला तेच मिळतं, आणि मग आपणच म्हणतो, हिला दुसरं काही जमत नाही.

१९३५ नंतर ती नायिकेपदावरून हळूहळू बाजूला गेली आणि चरित्र भूमिकांत आली. अगदी १९७५ च्या 'जूली'तही ती आहे. १९७३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार तिला मिळाला. १९८३ मध्ये मुंबईत ती गेली.

तिचा एकच सिनेमा बघणार असाल तर १९५३ चा 'अनारकली' बघा. सगळे बीना रायकडे बघतात, गाणी ऐकतात. तुम्ही सलीमच्या आईकडे बघा. मूकपटात आणि बोलपटात, दोन्ही वेळा अनारकली झालेली बाई तिथे राणीच्या वेषात उभी आहे. तिसऱ्यांदा 'अनारकली', आणि या वेळी तिच्या वाट्याला आलीय मुलाच्या प्रेमाची गोष्ट.