देहोपस्थिती याचिका : प्रश्न बदलला की निकाल बदलतो

निकालपत्र वाचताना निकाल काय लागला हे शेवटी बघा. आधी कोर्टाने स्वतःला कोणता प्रश्न विचारला ते शोधा. संशोधन जमतं ते तिथे, आणि फसतं तेही तिथेच.

देहोपस्थिती म्हणजे हेबियस कॉर्पस. माणसाला समोर आणा, बेकायदा डांबलं असेल तर सोडा, एवढंच त्याचं काम. समजा, केळशीची २२ वर्षांची मुलगी पुण्याला निघून गेली आणि वडिलांनी याचिका टाकली. ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी जिल्ह्याचं असं प्रकरण कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढे जातं. मुलगी कोर्टात उभी राहिली. आता तिला विचारायचं काय? 'तू तुझ्या मर्जीने राहतेस ना?' ती 'हो' म्हणाली, की याचिका संपायला हवी.

घरच्या वादात हा हुकूम मागणं आपल्याकडे जुनंच आहे. १८२८ साली मुंबईच्या सुप्रीम कोर्टाने पुण्याच्या मोरो रघुनाथ या १४ वर्षांच्या मुलाला हजर करण्याचा हुकूम काढला. गव्हर्नर माल्कम यांच्या सरकारने त्याला विरोध केला. १८२९ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने सरकारच्या बाजूने कौल दिला. सगळा वाद कोर्टाच्या अधिकारक्षेत्राचा, मोरोला काय हवंय यावर निकाल लागलाच नाही. पण तो अल्पवयीन होता, त्याच्याबाबत 'ताबा कोणाचा' हा प्रश्न तरी रास्त होता.

सज्ञान व्यक्तीबाबत तो प्रश्नच चुकीचा. हादिया प्रकरणात केरळ उच्च न्यायालयाने नेमका तोच विचारला. ती २४ वर्षांची, वैद्यकीय शिक्षण घेतलेली. तरी २४ मे २०१७ रोजी कोर्टाने वडिलांच्या याचिकेवर तिचं लग्नच रद्द केलं आणि तिला आई-वडिलांकडे पाठवलं. हे म्हणजे तापमापीने वजन करणं झालं. डांबलंय का हे तपासायच्या साधनाने लग्न योग्य की अयोग्य हे मोजलं.

८ मार्च २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. तत्त्व म्हणून निकाल भक्कम आहे. तरी त्यातली एक उणीव तुम्ही नोंदवायला हवी. याच न्यायालयाने ऑगस्ट २०१७ मध्ये आधी एनआयएची चौकशी लावली आणि हादियाला स्वतःला ऐकलं ते २७ नोव्हेंबरला. तोवर सहा महिने ती घरातच. साक्षीदार समोर असताना आपण तिच्याभोवतीची माहिती गोळा करत बसलो, असाच हा प्रकार.

'पण तिचं मन वळवलं असेल तर?' ही शंका खोटी नाही, बापाची काळजीही खोटी नाही. पण त्यावर उपाय म्हणजे तोच प्रश्न नीट विचारणं: बंद दालनात, नातेवाईक नसताना, भीती घालवून. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२४ च्या देवू जी. नायर निकालात उच्च न्यायालयांना याच वाटेच्या सूचना आहेत, आणि समुपदेशनाच्या नावाखाली कुणाचं मन वळवू नका असंही बजावलं आहे.

आता एक काम करा. अशा प्रकरणाचं कुठलंही निकालपत्र घ्या. आई-वडिलांच्या म्हणण्याला किती परिच्छेद दिलेत आणि त्या सज्ञान व्यक्तीच्या म्हणण्याला किती, ते मोजा. तुमचा संशोधन-प्रश्न त्या फरकातच सापडेल.