मारका, पण आपला

वडूज, पुसेगाव, म्हसवड या दुष्काळी पट्ट्यात वाढलेल्या पोराला ‘हाऊ टू ट्रेन युअर ड्रॅगन’ समजावून सांगावा लागत नाही. दावणीला एक खिल्लार असतो. परका माणूस दिसला की मान खाली घालून शिंगं रोखतो. त्याच बैलाला घरातलं दहा वर्षांचं पोर वैरण टाकतं, गळ्याची पोळी खाजवतं आणि निवांत परत येतं. ‘मारका हाय, लांब ऱ्हावा’ असं पाहुण्याला बजावताना त्याच्या आवाजात जो तोरा असतो, त्यावर हॉलिवूडच्या कौटुंबिक ॲनिमेशनचा एक अख्खा प्रकार उभा आहे. सगळं गाव ज्याला भितं ते जित्राब माझं ऐकतं, हे सुख गोंडस पिल्लू पाळून मिळत नाही.

म्हणूनच या प्रकाराची कसोटी साधी आहे. जनावर माणसाळल्यावरही मारकं राहतं का? मला वाटतं, गेल्या पंधरा वर्षांत पडद्यावरचे विचित्र प्राणी दिसायला अधिकाधिक देखणे होत गेले आणि या कसोटीवर मात्र घसरत गेले.

ख्रिस सँडर्स आणि डीन डब्लॉय यांचा 2010चा ड्रॅगनपट अजून सरस वाटतो तो याच कसोटीवर. क्रेसिडा कॉवेल यांच्या मूळ पुस्तकातला टूथलेस हा ड्रॅगन एवढासा आहे. दिग्दर्शकांनी त्याला काळा, थोराड आणि खरोखर जीव घेऊ शकेल असा केला. मैत्री जुळते तो प्रसंग आठवा. ड्रॅगन अर्धा गिळलेला मासा ओकून नायक हिकपपुढे टाकतो आणि तो खाल्ल्याशिवाय सुटका नाही, असं नुसत्या नजरेनं सांगतो. मग हिकप जमिनीवर चित्र काढतो, ते पाहून ड्रॅगन झाड उपटून रेघोट्या ओढतो. त्या रेघेवर पाय पडला की गुरगुर, उचलला की शांत. पोरगा रेघा चुकवत चुकवत जवळ येतो, तोंड फिरवून हात पुढे धरतो आणि थांबतो. एक शब्द नाही; फक्त जॉन पॉवेलचं संगीत. उरलेलं अंतर ड्रॅगनने स्वतः तोडायचं आहे. मारकं जनावर सांभाळलेल्या कुणालाही हा थांबलेला हात ओळखीचा वाटेल.

शिवाय या मैत्रीला किंमत आहे. टूथलेसच्या शेपटीचा पंख हिकपच्याच माऱ्यानं तुटलेला, त्यामुळे तो त्याच्याशिवाय उडू शकत नाही; शेवटी हिकपही एक पाय गमावतो. दोघंही अधू, दोघंही एकमेकांवाचून अडलेले. बच्चेकंपनीच्या चित्रपटात नायकाचा पाय जाऊ देण्याचं धाडस आज कितीजण करतील? 2019च्या तिसऱ्या भागात तर ड्रॅगनांना सोडून द्यावं लागतं. पाळण्याच्या गोष्टीचा शेवट दावं सोडण्यात होतो, हे मला तिन्ही भागांत सर्वांत प्रामाणिक वाटलं.

याच जोडीचा 2002चा ‘लिलो अँड स्टिच’ थोडा वेगळा. स्टिच हा प्रयोगशाळेत विध्वंसासाठीच घडवलेला जीव. आईबाप गमावलेली लिलो त्याला कुत्रा समजून घरी आणते, त्याचं चित्र काढते आणि हा किती वाईट आहे ते त्यात रंग भरून मोजते. लिलो स्वतःही चावरी, मारकुटी पोरगी आहे. शहाण्या मुलीनं वाईट प्राण्याला सुधारलं, असली बोधकथा इथे होत नाही, कारण दोघंही सारखेच बिघडलेले.

मियाझाकींच्या 1988च्या टोटोरोला पाळीव म्हणणं चूक. तो कुणाचा नाही. जुन्या कापूरवृक्षाच्या ढोलीत झोपतो, पावसात बसथांब्यावर शेजारी येऊन उभा राहतो, जबडा उघडला तर त्यात छोटी मेई सहज मावेल. हे आपल्याला परकं वाटू नये. बांधावरच्या झाडाखाली शेंदूर फासलेला म्हसोबा असतो. त्याचं नातं महिषासुराशी जोडलं जातं, तो कोपतो, आणि तरी शेताची राखण त्याच्यावरच सोपवलेली असते. पालीच्या किंवा जेजुरीच्या खंडोबाच्या कथेतही शरण आलेल्या मणी दैत्याला देवाजवळ जागा मिळाली. राक्षस मारून संपवण्याइतकीच त्याला घरचा करून घेण्याची रीत आपल्याकडे जुनी आहे, धाक कायम ठेवून. सांगली जिल्ह्यातल्या बत्तीस शिराळ्यात नागपंचमीला जिवंत नाग घरोघरी पाहुणा म्हणून यायचा. 1972च्या वन्यजीव कायद्यापुढे आणि न्यायालयापुढे ती प्रथा टिकली नाही, आणि नागाच्या बाजूनं पाहिलं तर ते बरंच झालं. पण फणा काढलेल्या जिवाला ‘भाऊ’ मानून ओवाळणाऱ्या बाईचं मन कोणत्याही पटकथाकाराला हेवा वाटावा असं आहे.

मग बिघडलं काय? कॉनराड लॉरेन्झ यांनी 1943 साली मांडलं होतं की मोठं डोकं, मोठाले डोळे, गुबगुबीत गाल दिसले की माणसाला बाळ आठवतं आणि माया दाटते. मिकी माऊस वर्षागणिक कसा बाळरूप होत गेला, यावर स्टीफन जे गूल्ड यांनी गमतीदार निबंधही लिहिला. टूथलेसही याच सूत्राचा, पण त्याचे डोळे राग आला की चिरेसारखे बारीक होतात. नंतरच्यांनी मोठे डोळे घेतले आणि ती चीर सोडून दिली. 2022च्या ‘द सी बीस्ट’मधला तांबडा सागरी राक्षस भव्य आहे, समुद्र तर अप्रतिम; पण सोबतीला ‘ब्लू’ नावाचं जे निळं पिल्लू येतं, ते पटकथेपेक्षा खेळण्यांच्या दुकानासाठी जन्मल्यासारखं वाटतं. ‘राया’मधला टुकटुकही तसाच, आधी गोंडस वाहन आणि मग प्राणी. 2025मध्ये स्टिच आणि टूथलेस दोघंही खऱ्या नटांसोबत पुन्हा पडद्यावर आले. स्टिचनं शंभर कोटी डॉलरांहून अधिक गल्ला जमवला. पण पहिल्याच दृश्यात ज्याच्याविषयी माया वाटते त्याला जिंकायचं काय राहिलं?

आपल्याकडची अडचण उलटी. प्रभातनं 1934 सालीच रघुनाथ केळकरांकडून ‘जंबूकाका’ हा व्यंगपट करून घेतला होता. नायक कोण, तर कोल्हा. एवढी जुनी सुरुवात असूनही पुढे गर्दी झाली ती देवादिकांची आणि वीरांची. 2005चा ‘हनुमान’, 2018चा मराठी ‘प्रभो शिवाजी राजा’, 2025चा ‘महावतार नरसिंह’. यांत राक्षस असला तरी वधापुरता. छोटा भीमचा जग्गू हा माकड असला तरी बोलका मित्रच, त्याच्यात जनावर शोधून सापडत नाही. रंगभूमीनं मात्र हे केव्हाच ओळखलं होतं. रत्नाकर मतकरींच्या ‘अलबत्या गलबत्या’तल्या चेटकिणीला पोरं घाबरतात आणि तरी तिच्याच पुढच्या प्रवेशाची वाट पाहतात. ‘निम्मा शिम्मा राक्षस’ हे त्यांच्या दुसऱ्या नाटकाचं नावच राक्षसाला अर्धा आपल्यात ओढून घेतं. आणि वडूजपासून फार लांब नसलेल्या माडगूळच्या व्यंकटेश माडगूळकरांनी ‘सत्तांतर’मध्ये वानरांचा टोळीसंघर्ष, त्यातली हिंसा जशीच्या तशी ठेवली. कुठेही लाडावलं नाही. जनावराला जनावर राहू देणारा लेखक आणि राक्षसाशी खेळणारा नाटककार एकाच भाषेत असताना तिथल्या व्यंगपटात यांपैकी काहीच उतरू नये, हे मला सर्वांत खटकतं.

पैसा नाही, हे उत्तर ठरलेलं. ते खरं आहे, पण अपुरं. पिक्सारसारखे लाखो केस एकेक करून हलवायला पैसा लागतो, ‘मॉन्स्टर्स, इंक.’च्या सलीच्या अंगावर 23 लाखांहून अधिक होते. थांबलेला हात आणि गुरगुर यांना तेवढा लागत नाही. त्यासाठी बैलापुढे उभं राहिलेलं पोर कसं श्वास घेतं ते चितारणाऱ्याला ठाऊक हवं. आज वडूजचं पोर हे चित्रपट मोबाइलवर किंवा टीव्हीवर बहुधा हिंदीतून पाहतं. हिकप हिंदी बोलतो, त्याचा बाप हिंदी बोलतो. टूथलेस आणि टोटोरो तेवढे भाषांतर न करता त्याच्यापर्यंत पोचतात, कारण ते गुरगुरतात, फुरफुरतात, शेपूट आपटतात. खिल्लारही तेच करतो, आणि त्याचं चित्र काढायला अजून कुणी बसलेलं नाही.