सोमकुवर आणि पावडे : ‘अंतःस्फोट’ पुन्हा वाचताना

नागपूरच्या कुमुद पावडे यांचा ‘अंतःस्फोट’ हा आत्मपर लेखांचा संग्रह १९८१ साली प्रसिद्ध झाला. दलित स्त्रियांच्या आत्मकथनांचा जो ओघ पुढे मराठीत आला, त्याच्या उगमाशी हे पुस्तक उभे आहे. लेखिका २०२३ साली निवर्तल्या, तेव्हा आम्ही ते पुन्हा हाती घेतले. पहिल्या वाचनात आम्हांला ते केवळ जातिभेदाविरुद्धचे पुस्तक वाटले होते. ते तसे आहेच. पण त्याचे खरे बळ दुसरीकडे आहे, आणि ते ओळखायला आम्हांला इतकी वर्षे लागावीत याची खंत वाटते.

संग्रहातील सर्वांत गाजलेला लेख त्यांच्या संस्कृत-अध्ययनाची हकीकत सांगतो. महार कुटुंबात जन्मलेली कुमुद सोमकुवर ही मुलगी संस्कृतकडे ओढली जाते. शाळेत गोखले गुरुजी तिला मनापासून शिकवतात. वेशभूषेवरून ज्यांच्याकडून तिने नकाराची अपेक्षा केली होती, त्यांनीच हात पुढे केला. महाविद्यालयात मात्र संस्कृतच्या विद्वान प्राध्यापकांची तुच्छता वाट्याला आली. ती एम.ए. झाली, सत्कार झाले, भाषणांतून कौतुकाचा वर्षाव झाला. नोकरी मात्र मिळेना. पुढे कुणबी कुळातील मोतीराम पावडे यांच्याशी विवाह झाला आणि थोड्याच काळात शासकीय महाविद्यालयात अध्यापिकेची जागा मिळाली. त्या जागेचे श्रेय लेखिका स्वतःकडे घेत नाहीत. ते ‘पावडे’ या आडनावाला देतात. माहेरचे नाव, त्यांच्या मते, शेवटपर्यंत वंचितच राहिले.

येथे वाचकाने थोडे थांबावे. दलित स्त्रीविषयी बोलताना आपल्याकडे ‘दुहेरी शोषण’ किंवा ‘तिहेरी शोषण’ असे म्हणण्याची रीत पडली आहे, जणू जातीचे ओझे, बाईपणाचे ओझे आणि दारिद्र्याचे ओझे अशी तीन गाठोडी एकावर एक रचली की वजन कळते. पावडे यांचा अनुभव या बेरजेत बसत नाही. विवाहानंतर स्त्रीने आपले नाव सोडावे ही पुरुषसत्तेची रूढी, म्हणजे स्त्री म्हणून झालेली हानीच. पण याच हानीने त्यांची जात झाकली आणि बंद दार उघडले. त्यांच्याच योग्यतेचा सोमकुवर आडनावाचा पुरुष असता, तर त्याला ही वाट मिळालीच नसती. आणि ज्या सोमकुवर मुलीने जातीतच लग्न केले वा लग्नच केले नाही, तिलाही नाही. एका बाजूने पडलेला बेडीचा फास दुसऱ्या बाजूला किल्ली ठरतो, आणि किल्ली मिळालेली व्यक्ती त्या किल्लीची लाज बाळगते. हा उपहास लेखिकेने अत्यंत थंड स्वरात मांडला आहे.

अमेरिकेतील कृष्णवर्णीय विधिज्ञ किंबर्ले क्रेनशॉ यांनी १९८९ साली या प्रकारच्या गुंत्याला शास्त्रीय नाव दिले. त्यांच्यासमोर जनरल मोटर्सविरुद्धचा एक जुना खटला होता. पाच कृष्णवर्णीय स्त्रियांनी पक्षपाताची तक्रार केली. कंपनीत स्त्रिया होत्या, पण त्या गोऱ्या. कृष्णवर्णीय होते, पण ते पुरुष. वंश आणि लिंग यांची सांगड घालून तक्रार ऐकण्यास न्यायालयाने १९७६ साली नकार दिला. दोन रस्ते जेथे छेदतात तेथे उभ्या असलेल्या बाईचा अपघात कोणत्याच रस्त्याच्या नोंदवहीत चढेना. विद्वानांनी या विचाराचे स्वागत केले ते योग्यच. पण आमच्या नागपूरकरांनी हे ज्ञान सातासमुद्रापलीकडून आले असे मानू नये. २० जुलै १९४२ रोजी याच शहरात सुलोचनाबाई डोंगरे यांच्या अध्यक्षतेखाली दलित महिला परिषद भरली होती. घटस्फोटाचा हक्क, बहुपत्नीत्वाचा निषेध आणि गिरणीत राबणाऱ्या बायांच्या सवलती असे ठराव त्या बायांनी एकाच मांडवात केले. उर्मिला पवार व मीनाक्षी मून यांच्या ‘आम्हीही इतिहास घडवला’ (१९८९) या ग्रंथामुळे हा इतिहास विस्मरणातून वाचला.

वाङ्मयीन दृष्ट्या ‘अंतःस्फोट’ सर्वत्र सारखा उतरलेला नाही. काही ठिकाणी लेखिका व्यासपीठावरून बोलतात आणि माणसे मागे पडतात. बेबी कांबळे यांच्या ‘जिणं आमुचं’ (१९८६) या पुस्तकाशी तुलना केली की हे जाणवते. कांबळे बोलीत लिहितात आणि त्यांचा ‘मी’ सतत ‘आम्ही’त मिसळतो, घरातल्या पुरुषांचा व सासवांचा जाचही त्या लपवीत नाहीत, आणि ते लिखाण त्यांनी सुमारे वीस वर्षे नवऱ्यापासून लपवून ठेवले होते. पावडे यांची भाषा प्रमाण, संस्कृतप्रचुर. दलित लेखनात बोलीचा रांगडेपणा शोधणाऱ्या वाचकाला ती उपरी वाटेल. आमचे मत उलट आहे. जी भाषा आपल्या वाट्याला येऊ नये म्हणून एवढी व्यवस्था उभी होती, त्याच भाषेच्या शब्दकळेत फिर्याद लिहिणे हा त्या फिर्यादीचाच भाग आहे. (सेमिनरीत भारतीय दर्शनांच्या तासाला आम्हीही संस्कृत वचने पाठ केली. आमचा अधिकार कोणी विचारला नाही. आम्ही पुरुष होतो आणि अंगावर झगा चढायचा होता.)

हे पुस्तक आमच्या धर्मग्रामातील कुटुंबांनी वाचावे असे आम्हांला वाटते, त्याचे कारण परोपकार नव्हे. संत पौलाने गलतीकरांस लिहिताना यहुदी व हेल्लेणी, दास व स्वतंत्र, पुरुष व स्त्री ही तिन्ही जोडपी एका दमात घेतली. त्याने त्यांची वेगवेगळी प्रकरणे केली नाहीत. आम्ही मात्र ते वचन चादरीसारखे वापरतो. ‘ख्रिस्तसभेत जात नाही’ असे प्रवचनात सांगून झाले की लग्नाच्या बोलणीत ‘मूळचे कोण?’ हा प्रश्न येतोच. भारतीय कॅथॉलिक बिशप परिषदेने २०१६ सालच्या आपल्या दलितविषयक धोरणात ख्रिस्तसभेतील अस्पृश्यतेची कबुली दिली आहे. ते धोरण किती घरांत वाचले गेले, हे वाचकांनीच आठवून पाहावे.

कायद्याची तऱ्हा याहून वेगळी नाही. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातीचा दर्जा हिंदूंपुरता ठेवला. १९५६ साली शीख व १९९० साली बौद्ध त्यात आले. १४ ऑक्टोबर १९५६ ला याच शहरात धम्मदीक्षा घेतलेल्या आमच्या शेजाऱ्यांना केंद्राच्या यादीसाठी चौतीस वर्षे वाट पाहावी लागली. ख्रिस्ती दलितांसाठी ती दुरुस्ती झालेली नाही. रंगनाथ मिश्र आयोगाने २००७ साली धर्माची अट काढण्याची शिफारस केली. २०२२ साली न्यायमूर्ती बाळकृष्णन यांचा आयोग नेमला गेला. दरम्यान जातीवरून अपमान झालेल्या ख्रिस्ती बाईने १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याकडे जावे, तर तो तिला म्हणतो, तू ख्रिस्ती आहेस. आणि ती आमच्याकडे आली, तर आम्ही म्हणतो, आपल्यात जात नसते. दोन्ही उत्तरे मिळून तिच्यावर एकच दार बंद करतात, आणि त्यातले एक दार आमचे आहे.

काही वर्षांपूर्वी एक बाई मुलीचा बाप्तिस्म्याचा दाखला घ्यायला आमच्या कचेरीत आल्या. घरोघरी धुणीभांडी करून मुलीला शिकवीत होत्या. मुलीच्या शाळेतल्या कागदावर दुसरा धर्म आणि जुनी जात लिहिलेली होती. शिष्यवृत्ती त्यावरच होती. आम्ही सही करीत असताना त्यांनी हळूच विचारले, “हा शाळेत द्यावा लागते का जी, फादर?” सत्यवचनावर आम्ही पुष्कळदा प्रवचन केले आहे, त्या दिवशी एकही वाक्य सुचले नाही. मुलगी दारात उभी होती, तिला कोणत्या नावाने हाक मारावी हेही आम्हांला क्षणभर कळेना. आम्ही मान हलवून नाही म्हटले. बाईंनी दाखल्याची चौघडी घातली, पिशवीतले प्रार्थनेचे पुस्तक काढले आणि त्याच्या पानांत तो ठेवून दिला.