दिवसभराची सफारी आणि न लिहिलेली शून्यं

पेट पास झालं की पुढचा अडथळा म्हणजे आरआरसीसमोरचं प्रेझेंटेशन. गेल्या दोन महिन्यांत वन्यजीव आणि परिसंस्था या विषयांवरची पाच प्रपोजल माझ्याकडे वाचायला आली. त्यातल्या तिघांनी 'फील्डचा अनुभव' या मथळ्याखाली ताडोब्याची सफारी लिहिली होती. एकीने ती जागा रिकामी सोडली होती. तिच्याबद्दल शेवटी सांगतो.

त्या तिघांना मी हसलो नाही, कारण माझ्या पहिल्या प्रपोजलमध्येही हेच होतं. एम.एस्सी. झाल्यावर नातेवाइकाच्या लग्नासाठी सिद्धेश्वरहून चंद्रपूरला जायचं होतं. चौघांनी पैसे गोळा केले, एक दिवस मोकळा काढला आणि गाईडसह पूर्ण दिवसाची सफारी बुक केली. ती सकाळ-दुपारच्या नेहमीच्या फेरीपेक्षा कितीतरी महाग असते. वाघ पाच वेळा दिसला. त्या जोरावर मी लिहिलं, 'ताडोबा येथे बारा तासांचे प्रत्यक्ष निरीक्षण. वाघांची घनता जास्त असल्याचे आढळले.' समितीतल्या एका मॅडमनी एवढंच विचारलं, "वाघ दिसला नाही ते तास कुठे लिहिलेत?" माझ्याकडे उत्तर नव्हतं.

आज तो दिवस एखादा शोधनिबंध तपासावा तसा तपासू या. सफारी वाईट असते असं मला म्हणायचं नाही. सफारीतून काय कळतं आणि काय कळल्याचा भास होतो, एवढंच पाहायचं आहे.

नमुना कोणी निवडला?

ताडोबा-अंधारीचं कोअर क्षेत्र सुमारे ६२५ चौरस किलोमीटर. राष्ट्रीय व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाच्या २०१२ च्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार कोअरच्या जास्तीत जास्त २० टक्के भागात पर्यटन चालू शकतं. त्या भागातही जिप्सी फक्त ठरलेल्या रस्त्यांवरून जाते. हे रस्ते कुठून जातात? तळ्याच्या कडेने, पाणवठ्याजवळून, मोकळ्या कुरणातून. म्हणजे जिथे प्राणी दिसण्याची शक्यता मुळातच जास्त तिथून. दाट बांबूत काय चाललंय ते रस्त्यावरून दिसत नाही. अशा नमुन्यावरून 'ताडोबा'बद्दल विधान करणं म्हणजे बसस्टँडवर उभं राहून गावात किती माणसं राहतात ते सांगणं.

त्यात आमची जिप्सी रस्त्यावरही मनमानी फिरत नव्हती. समोरून येणाऱ्या गाडीचा ड्रायव्हर काच नसलेल्या खिडकीतून हात दाखवायचा, आमचा गाईड दोन शब्द बोलायचा आणि गाडी वळायची. जिथे वाघ दिसल्याची बातमी, तिथेच निरीक्षण. उत्तर आधी कळलं आणि मग आम्ही प्रश्न विचारायला गेलो. पर्यटनात यात गैर काही नाही, पण संशोधनात याला पूर्वग्रहित नमुना म्हणतात.

पाच दर्शनं म्हणजे पाच वाघ नव्हेत

घरी येऊन फोटो नीट पाहिले. पाचपैकी तीन वेळा दिसलेली वाघीण एकच होती. डाव्या कुशीवरचे पट्टे जुळत होते. उरलेल्या दोन फोटोंपैकी एकात उजवी कूस आणि दुसऱ्यात नुसती पाठ, म्हणजे तेही दोन वेगळे प्राणी होते असं खात्रीने म्हणता येत नाही. प्रत्येक वाघाचे पट्टे वेगळे असतात आणि त्याच्या दोन्ही कुशींवरचे पट्टेही एकसारखे नसतात. म्हणून कॅमेरा ट्रॅप लावताना वाटेच्या दोन्ही बाजूंना एकेक कॅमेरा लावतात. उल्हास कारंथ यांनी नागरहोळेत ही पद्धत वापरून १९९५ मध्ये निबंध लिहिला. पट्ट्यांवरून ओळखलेला वाघ पुन्हा किती वेळा 'सापडतो' यावरून न सापडलेल्या वाघांचा अंदाज काढायचा, ही त्यातली मुख्य गोष्ट.

सकाळी दोनदा आणि दुपारी तीनदा दिसलं, तर ही दोन स्वतंत्र निरीक्षणं धरायची का? नाही. तोच दिवस, तेच हवामान, तीच गाडी, तोच गाईड आणि बहुतेक तोच प्राणी. स्टुअर्ट हर्लबर्ट यांनी १९८४ मध्ये या चुकीला नाव दिलं, स्यूडोरेप्लिकेशन, म्हणजे खोटी पुनरावृत्ती. सहा तासांचे बारा तास केले म्हणून नमुन्याचा आकार दुप्पट होत नाही. पूर्ण दिवसाच्या सफारीतला हाच सगळ्यात मोठा भास. वेळ जास्त मिळाला म्हणून पुरावा जास्त मिळाला असं वाटतं.

शून्याची किंमत

मॅडमच्या प्रश्नाकडे परत येऊ. २०१८ च्या अखिल भारतीय व्याघ्रगणनेत २६,८३८ ठिकाणी कॅमेरे लावले होते. एकूण ३ कोटी ४८ लाखांहून जास्त फोटो निघाले. त्यात वाघाचे होते ७६,६५१, म्हणजे हजार फोटोंमागे साधारण दोन. बाकीचे चितळ, रानडुक्कर, गुरं, माणसं, हलणारं गवत. माझ्या कार्डात त्या दिवशीचे चारशे फोटो होते आणि त्यातले साडेतीनशे वाघाचे! जंगल तेच, पण मी फक्त 'हो' गोळा केले आणि त्यांनी 'नाही'सुद्धा जपले. अंदाज काढता येतो तो त्या 'नाही'मुळे.

एक छोटं गणित करा. समजा एखाद्या ठिकाणी प्राणी आहे, पण एका भेटीत तो दिसण्याची शक्यता ०.३ आहे. पाच वेळा जाऊनही तो एकदाही न दिसण्याची शक्यता किती? ०.७ चा पाचवा घात, म्हणजे सुमारे ०.१७. दहा ठिकाणी प्राणी असेल, तर त्यातल्या एक-दोन ठिकाणी पाच फेऱ्यांनंतरही तुम्ही 'नाही' लिहिणार आणि चुकणार. पण ही चूक मोजता येते, कारण तुमच्याकडे प्रत्येक फेरीची नोंद आहे. २००२ मध्ये मॅकेन्झी आणि सहकाऱ्यांनी मांडलेलं ऑक्युपन्सी मॉडेल याच पायावर उभं आहे. शून्यं लिहिलीच नाहीत, तर कुठलंही सॉफ्टवेअर तुम्हाला वाचवू शकत नाही.

हा नुसता परीक्षेतल्या मार्कांचा प्रश्न नाही. राजस्थानात सरिस्का इथे वाघ उरलेलेच नाहीत हे २००५ च्या सुमारास उघड झालं, तोवर कागदावर वाघ होते. ते आकडे पायाच्या ठशांवरून काढलेले होते. मोजण्याची पद्धत कच्ची असली की फक्त निबंध परत येतो असं नाही, एखाद्या जंगलातून वाघ संपतात आणि कळतही नाही.

सफारीच्या बाजूने

आता दुसरी बाजू. पूर्ण दिवसाच्या सफारीत एक गोष्ट मिळते ती नेहमीच्या फेरीत मिळत नाही, ती म्हणजे भर दुपार. बाकीच्या गाड्या बाहेर गेल्यावर मधल्या वेळात आम्ही एका पाणवठ्याजवळ थांबलो. सव्वा तास वाघ आला नाही. चितळांचा कळप आला, बिचकला, परत गेला, पुन्हा आला. गाईड हळूच म्हणाला, "भाऊ, पुढची म्हातारी पाणी पिल्याशिवाय बाकीचे नाही येत." मी नंतर पाहिलं, खरंच तसं होत होतं. हे गृहीतक होतं! तपासता येण्यासारखं, मोजता येण्यासारखं. मी ते वहीत लिहिलं नाही. मित्र म्हणाला, "चला ना, इथं काही नाही." आणि आम्ही निघालो.

त्या दिवसाची माझी खरी चूक ही आहे. गाईडला जंगलाबद्दल जे माहीत होतं त्याला आमच्या लेखी काही किंमत नव्हती. आम्हाला हवा होता वाघ, आणि टिपही त्यावरच ठरणार होती. ही घाई कुठवर जाते ते ३१ डिसेंबर २०२४ ला उमरेड-पवनी-कऱ्हांडला अभयारण्यात दिसलं. एक वाघीण आणि तिच्या बछड्यांची वाट पर्यटकांच्या गाड्यांनी दोन्ही बाजूंनी अडवली. प्रकरण उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापर्यंत गेलं. त्या दिवशी तिथे असलेल्या प्रत्येकाकडे उत्तम फोटो असतील. पण वाघिणीचं वागणं गाड्यांमुळे बदललं, म्हणजे तिथलं निरीक्षणसुद्धा बिघडलेलंच.

मधला रस्ता

सिद्धेश्वर ते चंद्रपूर तीनशेच्या वर किलोमीटर. कळमनुरी सोडली, पैनगंगा ओलांडली की मराठवाडा संपून विदर्भ सुरू होतो. हा सगळा पट्टा आम्ही गाणी लावून आणि झोपून काढला. जंगल गेटपासून सुरू होतं, तोवर नुसता 'रस्ता', अशी आमची समजूत.

आता हे पाहा. यवतमाळ जिल्ह्यातल्या टिपेश्वर अभयारण्यात एका तरुण वाघाला फेब्रुवारी २०१९ मध्ये रेडिओ कॉलर लावली. संशोधकांच्या यादीत त्याचं नाव टी१सी१, लोकांनी ठेवलेलं नाव वॉकर. तो टिपेश्वरहून निघाला, तेलंगणातल्या आदिलाबादकडे गेला, मग परत वळून आपल्या हिंगोलीच्या बाजूने बुलढाण्यातल्या ज्ञानगंगा अभयारण्यात पोचला. पाच हजारांहून जास्त ठिकाणी त्याची नोंद झाली. शेतं, नाले, रस्ते, वस्त्यांच्या कडा. एवढ्या प्रवासात माणसाला इजा झाल्याची एकच घटना, तीही तो झुडपात विश्रांती घेत असताना लोक आत शिरले तेव्हाची.

सफारीच्या नोंदींवर विसंबलो असतो, तर हिंगोली जिल्ह्यासमोर काय लिहिलं असतं? 'वाघ नाही.' कारण इथे गेट नाही, जिप्सी नाही, बुकिंग नाही. प्राणी नसणं आणि निरीक्षक नसणं यातला फरक या एका वाघाने दाखवून दिला. ज्याला आम्ही 'मधला रस्ता' म्हणून झोपून काढलं तोच त्याचा अधिवास होता.

रिकामी जागा

आता ती पाचवी मुलगी. तिचं गाव सिद्धेश्वर धरणाच्या काठाला, वडील मासेमारी करतात. मी फोनवर विचारलं, "फील्डचा अनुभव का लिहिला नाहीस?" ती म्हणाली, "दादा, मी कुठं गेलेच नाही. ताडोबा आम्हाला कुठलं परवडतं?" मग बोलता बोलता तिने सांगितलं की पूर्णेचं पाणी उतरलं की कुठल्या काठावर आधी ढोकरी येतात, येलदरीतून पाणी सोडल्यावर पाणकावळे कुठे सरकतात, वडील जाळं काढायला कुठल्या वेळी जातात आणि तेव्हा कोणते पक्षी जवळ येतात. तिच्याकडे माझ्यापेक्षा जास्त फील्ड आहे. नाही ती फक्त वही.

तिला जे सांगितलं तेच तुम्हालाही सांगतो. आपल्या गावाजवळ दहा ठिकाणं ठरवा, पक्षी दिसतात म्हणून नव्हे, नकाशावर सारख्या अंतरावर. प्रत्येक ठिकाणी पाच वेगवेगळ्या दिवशी जा. दहा मिनिटं थांबा. तारीख, वेळ, हवा, पाण्याची पातळी लिहा. एकच प्रजाती निवडा, दिसली तर एक, नाही दिसली तर शून्य. पन्नास ओळी होतील. खर्च एका वहीचा आणि एसटीच्या तिकिटाचा.

सफारीला जरूर जा, परवडत असेल तर पूर्ण दिवसाच्या. दुपारी पाणवठ्यावर थांबा आणि गाईडचं ऐका. पण प्रपोजलमध्ये ती 'भेट' म्हणून लिहा, 'निरीक्षण' म्हणून नको. आणि समितीने शून्यं कुठे आहेत असं विचारलं, तर ती दाखवता येतील अशी वही सोबत ठेवा. त्या मुलीने गेल्या आठवड्यात पहिल्या बारा ओळी पाठवल्या. त्यात नऊ शून्यं आहेत. मी तिला लिहिलं, सुरुवात चांगली आहे.