कॅमेऱ्याचा केलेला माइक

मराठीत व्यसनी माणूस स्वतःची गोष्ट सांगतो ती बहुधा सुटल्यानंतर. तुषार नातूंचे ‘नशायात्रा’ घ्या किंवा मोबाइलवर फिरणारे अनुभवकथनाचे व्हिडिओ. या व्हिडिओंत निवेदक खुर्चीत बसलेला, अंगात इस्त्रीचा सदरा, पाठीमागे संस्थेचा फलक. हा माणूस तरला हे पहिल्याच मिनिटाला कळते. पुस्तकाला हा भूतकाळ शोभतो, कारण लिहायला बसावे लागते ते थोडे सावरल्यावरच. व्हिडिओला मात्र पुढे काय होणार हे ठाऊक नसलेला माणूस दाखवता येतो. नेमके ते बळ आपण वापरत नाही. आपण कॅमेऱ्याचा माइक करून टाकला आहे.

याने चित्र एकांगी होते. एम्सच्या व्यसन उपचार केंद्राने केलेल्या राष्ट्रीय पाहणीचा अहवाल २०१९ मध्ये आला. त्यानुसार दारूवर अवलंबून असलेल्या ३८ जणांपैकी एकालाच कुठला ना कुठला उपचार मिळाला होता. आपली अनुभवकथने त्या एकातूनच येतात. उरलेले सदतीस दिसतच नाहीत. परंपराही मदतीला येत नाही. १९१९ साली रंगभूमीवर आलेल्या ‘एकच प्याला’त गडकऱ्यांनी सुधाकराच्या ऱ्हासाला पल्लेदार भाषा दिली आणि तळीरामाला हशे. पडद्यावरचा आपला दारुडाही बहुतेक या दोन टोकांतच फिरला. अनिल अवचटांच्या ‘गर्द’ने मधली जागा शोधली: पुडी, चोऱ्या, टर्की म्हणजे नशा तुटल्यावरचा त्रास, थकलेले घर. त्याच कामातून, पु. ल. आणि सुनीताबाईंच्या मदतीने, १९८६ मध्ये पुण्यात मुक्तांगण हे व्यसनमुक्ती केंद्र उभे राहिले. पण ‘गर्द’ची नजर, कितीही जवळची असली तरी, बाहेरच्याची होती. ब्रिटनच्या बेन रॉजर्सने हेरॉइनच्या विळख्यातले आपले दिवस स्वतःच चित्रित केले. त्याच्या मृत्यूनंतर, २००८ मध्ये, त्यावरून माहितीपट झाला. अशा स्वचित्रणाची ताकद पुनरावृत्तीत आहे. ‘उद्यापासून बंद’ हे वाक्य त्याच भिंतीसमोर, वाढत्या दाढीसह तिसऱ्यांदा ऐकू येते, चहाचा कप दोन्ही हातांनी धरावा लागतो आणि नजर दाराकडे जाते, तेव्हा ‘मनावर घेतले की सुटते’ हा आपला लाडका समज डळमळतो.

अशा चित्रणावर आक्षेप तीन, आणि तिन्ही खरे. प्रेक्षकांची चटक ही दुसरी नशा ठरू शकते. दुसरा कायद्याचा: एनडीपीएस कायद्याच्या कलम २७ नुसार अमली पदार्थाचे सेवनही गुन्हा आहे, म्हणजे व्हिडिओ स्वतःविरुद्धचा पुरावा. उपचार घेणाऱ्याला कलम ६४-अ काही संरक्षण देते, पण ते सरसकट नाही. तिसरा सर्वांत जड: चौकटीत बायको-मुलेही येतात, त्यांना कोणी विचारले? सरकारी वसाहतीत वरच्या मजल्यावरचा शेजारी ऑफिसातला सहकारीही असू शकतो. तिथे एक क्लिप पुरते. अल्कोहोलिक्स ॲनॉनिमसची परंपरा वृत्तपत्रे आणि चित्रपटांपासून सदस्यांची नावे दूर ठेवते, ती उगाच नाही.

पण हे आक्षेप मुख्यतः दाखवण्यावरचे आहेत, टिपण्यावरचे कमी. मोबाइलने या दोन क्रियांमधले अंतर पुसून टाकले. ते परत आणणे हाच या कलेचा पहिला नियम असायला हवा. टिपावे आज, दाखवायचे की नाही हे ठरवावे शुद्धीवर आल्यावर, समुपदेशकासोबत, घरच्यांच्या होकाराने आणि गरज पडल्यास वकिलाला विचारून. नशेत दिलेली संमती ही संमती नव्हे. चेहरा लागतोच असेही नाही. हात, आवाज, घड्याळ पुरतात. यावर कोणी म्हणेल, इतकी काळजी घेतली तर उरते काय? जे उरते तेच मोलाचे, अट एवढीच की संकलनात ‘स्लिप’, म्हणजे पुन्हा घसरणे, कापायचे नाही. व्यसनमुक्तीच्या वाढदिवसाचे भाषण नव्या रुग्णाला आशा देते, हे खरे. पण महिन्याभरात त्याचा पाय घसरला की तेच भाषण त्याला अपराधी ठरवते. घसरून पुन्हा उपचाराला आलेला माणूस दिसला, तर परतीचा रस्ता आहे हे त्याला कळेल. व्यसनमुक्ती केंद्रांनी आणि माहितीपटकारांनी मिळून असे चित्रण जपायला घेतले, तर मराठीत ही कला खऱ्या अर्थाने सुरू होईल.