कायद्यातील ‘कर्ता’ पुरुष : हिंदू कोड बिलाच्या आपल्या वाचनाची चिकित्सा

परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी २७ सप्टेंबर १९५१ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाचा राजीनामा दिला आणि हिंदू कोड बिलाची झालेली वासलात हे त्यामागील एक प्रमुख कारण होते, ही गोष्ट आपल्या समाजातील शाळकरी मुलांनाही ठाऊक आहे. या बिलावर आजवर विपुल लेखन झाले. जयंतीचे विशेषांक, व्याख्यानमाला, प्रबंध, पुस्तिका यांतून त्याचा गौरव सतत होत असतो. तथापि हे लेखन एकत्र ठेवून वाचले असता त्यातील एक उणीव ठळकपणे जाणवते. घटस्फोट, वारसा, दत्तक, एकपत्नीत्व अशी स्त्रीला काय मिळाले याची यादी त्यात असते. पुरुषाकडून काय काढून घेतले जाणार होते, याची चर्चा मात्र क्वचितच आढळते. ‘स्त्रियांचे उद्धारकर्ते’ या बिरुदाखाली बिलाचा अर्धा आशय झाकला गेला आहे. त्या अर्ध्या आशयाकडे वाचकांचे लक्ष वेधावे, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

प्रथम मिताक्षर पद्धतीच्या एकत्र कुटुंबाची रचना ध्यानात घेतली पाहिजे. या पद्धतीत मुलाला वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतःच हक्क प्राप्त होई. एक सहदायाद निवर्तला की त्याचा हिस्सा उरलेल्या पुरुष सहदायादांत विलीन होई. १९३७ च्या कायद्याने विधवेला काही हक्क मिळाला, पण तोही तिच्या हयातीपुरता. मुलीच्या वाट्याला पोषण आणि लग्नाचा खर्च एवढेच येई. कारभार पाहणाऱ्या ज्येष्ठ पुरुषाला कायदा ‘कर्ता’ म्हणे. व्याकरणात क्रिया करणारा तो कर्ता. कायद्यानेही कुटुंबाच्या वाक्यात ते स्थान पुरुषासाठी राखून ठेवले होते. मुलगा म्हणून जन्मणे हाच मुळी मिळकतीचा दस्तऐवज होता. ज्याला आपण पुरुषाचा ‘स्वभाव’ म्हणतो, म्हणजे घरात शेवटचा शब्द आपला असावा ही त्याची अपेक्षा, त्यातील बराचसा भाग अशा दस्तऐवजातून आलेला आहे.

बाबासाहेबांनी घाव घातला तो नेमका येथे. बी. एन. राव समितीच्या मसुद्यात मुलीला मुलाच्या निम्मा वाटा होता. बाबासाहेबांच्या अध्यक्षतेखालील प्रवर समितीने १९४८ मध्ये तो मुलाच्या बरोबरीचा केला. जन्मसिद्ध हक्क आणि मागे उरलेल्या पुरुषांकडे हिस्सा जाण्याचा नियम, हे दोन्ही बिलाने मोडीत काढले होते. ‘घरे फुटतील, भावाबहिणींत वैर माजेल’ ही विरोधकांची ओरड या दृष्टीने पाहावी. भावाभावांचे खटले शतकानुशतके चालूच होते आणि त्यांनी कुटुंबसंस्था बुडाली, असे कोणी म्हटले नव्हते. बहीण वाटेकरी होताच मात्र कुटुंब धोक्यात आले. विरोधकांना बिलाचा अर्थ आपल्यापेक्षा अधिक नेमका कळला होता, असे खेदाने म्हणावे लागते.

ही दृष्टी बाबासाहेबांकडे मंत्री झाल्यावर आलेली नाही. ९ मे १९१६ रोजी, वयाच्या पंचविसाव्या वर्षी, कोलंबिया विद्यापीठात त्यांनी भारतातील जातींविषयीचा निबंध वाचला. त्यातील ‘अतिरिक्त स्त्री’ची चर्चा आपण सतीप्रथेच्या संदर्भात नेहमी उद्धृत करतो. ‘अतिरिक्त पुरुषा’चा भाग वगळतो. वस्तुतः निबंधातील अधिक धारदार विवेचन तेच आहे. जातीअंतर्गत विवाहाचे बंधन टिकवायचे तर जोडीदार गमावलेली व्यक्ती, मग ती स्त्री असो वा पुरुष, जातीपुढे सारखाच प्रश्न उभा करते. विधवेला जाळता येते किंवा तिच्यावर वैधव्य लादता येते. विधुराला जाळता येत नाही, कारण तो पुरुष आहे, सत्ता त्याच्या हाती आहे आणि गटालाही तो हवा आहे. त्याच्यावर संन्यास लादला तर जातीची संख्या घटते. म्हणून त्याच्यासाठी अद्याप लग्नाच्या वयात न आलेली मुलगी आणली जाते. बालविवाहाची उपपत्ती अशा रीतीने पुरुषाच्या सोयीशी जोडणारा हा निबंध पुरुषत्वाच्या सामाजिक चिकित्सेचा भारतातील एक आद्य दस्तऐवज आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

येथे कोणी म्हणेल की मिताक्षर हा वरच्या जातींचा, जमीनजुमला असणाऱ्यांचा प्रश्न. आपल्या पूर्वजांजवळ होतेच काय? होते ते वतन. मुंबई इलाख्यातील वतनांचा कायदा १८७४ चा. त्यात १८८६ साली जी दुरुस्ती झाली तिच्यानुसार शेवटच्या पुरुष वतनदाराची विधवा वगळता वतनदार घराण्यातील प्रत्येक स्त्रीचा वारसाक्रम त्या घराण्यातील वारस होऊ शकणाऱ्या प्रत्येक पुरुषानंतर लावण्यात आला. ज्या वतनाने माणसाला गावाचा वेठबिगार केले, त्याच वतनाच्या वारशात बाईचे नाव शेवटी. गुलामगिरीचा वारसादेखील पुरुषाकडेच! बाबासाहेबांनी १९२८ मध्ये मुंबई कायदेमंडळात या वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले, त्याचा विचारही या बाजूने व्हावयास हवा. महार वतने १९५८ च्या कायद्याने नष्ट झाली. वतनाने घडविलेला घरातला वतनदार मात्र त्या कायद्याच्या कक्षेत येत नव्हता.

मूळ बिलाचे पुढे तुकडे झाले. विवाहाचा कायदा १९५५ मध्ये आणि वारसाचा १९५६ मध्ये संमत झाला. वारसा कायद्याने मुलीला वडिलांच्या हिश्श्यात वाटा दिला, पण पुरुषांची सहदायादी कायम ठेवली. राहत्या घराबाबत तर पुरुष वारस स्वतः वाटणी करीपर्यंत स्त्री वारसाला वाटणी मागता येत नसे. बाबासाहेबांनी जे मुळातून उपटू पाहिले होते, त्याला जपूनच ठेवण्यात आले. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलीला सहदायाद केले, तरी त्यापूर्वी लग्न झालेल्या मुली वगळल्या. देशपातळीवर ही समता ९ सप्टेंबर २००५ ला आली, राहत्या घराचा निर्बंधही तेव्हाच गेला. त्या तारखेला वडील हयात असणे आवश्यक नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा प्रकरणात ११ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट केले. एका बिलाच्या एका कलमाला इतकी दशके लागली.

आणि तरीही सारे झालेले नाही. याच कायद्याच्या कलम १५ प्रमाणे निपुत्रिक विधवा मृत्युपत्र न करता वारली, तर तिने स्वतः कमावलेली मिळकत आधी पतीच्या वारसांकडे जाते, तिच्या आईवडिलांचा क्रम त्यानंतर. नारायणीदेवी नावाच्या स्त्रीचे लग्न १९५५ मध्ये झाले आणि तीन महिन्यांत पती वारला. सासरने तिला घराबाहेर काढले. ती माहेरी शिकली, नोकरी करून तिने संचय केला आणि १९९६ मध्ये निवर्तली. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिची संपत्ती पतीच्या बहिणीच्या मुलांना दिली. न्यायालयाला सहानुभूती होती, कायद्याला नव्हती.

या सर्वांशी बौद्धांचा संबंध काय? तारखा पाहाव्यात. हिंदू वारसा कायदा १७ जून १९५६ रोजी अमलात आला आणि १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला धम्मदीक्षा झाली. कायद्याच्या व्याख्येत बौद्धांचा समावेश असल्याने दीक्षाभूमीवरून परतलेला उपासक घरात शिरला तो याच कायद्याचा ‘कर्ता’ म्हणून. देव्हाऱ्यातले देव गेले, मिळकतीच्या उताऱ्यावरचा क्रम राहिला. स्वतंत्र बौद्ध विवाह कायद्याची मागणी आपल्याकडे वेळोवेळी होते व ती रास्तही आहे. परंतु त्या चर्चेत विधी कोणता, नोंदणी कोठे, यावर जेवढा भर असतो तेवढा कुटुंबातील सत्तेच्या वाटणीवर नसतो.

दापोडीसारख्या ठिकाणी यात आणखी एका कायद्याची भर पडते. येथे एस.टी.ची मध्यवर्ती कार्यशाळा आहे आणि पिंपरी-चिंचवड ते चाकणपर्यंत कारखान्यांची रांग आहे. गावातून आलेल्या आपल्या माणसाला वतनदाराऐवजी ‘कमावता’ ही नवी ओळख या पट्ट्याने दिली आणि कामगार कायद्यांनी ती पक्की केली. १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्यातील ‘अवलंबित’ या शब्दाची व्याख्या दीर्घकाळ अशी होती : कामगाराची विधवा आपोआप अवलंबित, विधुराने मात्र आपण पत्नीच्या कमाईवर पूर्णतः वा अंशतः अवलंबून होतो हे दाखवावे. बाई कमावते आणि पुरुष त्यावर जगतो, हे कायद्याला अपवादात्मक वाटत होते. १९४८ च्या कारखाना कायद्यात पाळणाघराचे बंधन स्त्री कामगारांच्या संख्येवर ठरे. आधी पन्नासांहून अधिक, १९७६ नंतर तिसांहून अधिक स्त्रिया असल्या तर पाळणाघर. हजारो पुरुष काम करीत असलेल्या कारखान्यात कायद्याच्या लेखी एकालाही मूल नव्हते. २०१७ च्या प्रसूतिलाभ दुरुस्तीने ही मोजणी पन्नास कर्मचाऱ्यांवर आणली, स्त्री-पुरुष भेद न करता. परंतु मुलाला पाहण्यासाठी दिवसातून चार वेळा जाण्याची मुभा तिनेही आईलाच दिली.

आता आपल्या ग्रंथांकडे वळू. विनयपिटकातील महावग्गात राहुलाची प्रव्रज्या येते. कपिलवस्तूला राहुलमाता मुलाला पित्याकडे पाठविते आणि वारसा मागण्यास सांगते. ‘दायज्ज’ हाच तेथील शब्द, आपल्या ‘दाय’चे पाली रूप. मुलाला वारसा म्हणून मिळते ती प्रव्रज्या. शुद्धोदन त्यानंतर दुःखाने विनंती करतो की अनुज्ञेवाचून कोणाच्या मुलास प्रव्रज्या देऊ नये आणि तसा नियम होतो. महत्त्वाचे हे की विनंती पितामहाची असूनही नियमात अनुज्ञा ‘मातापित्यां’ची आहे, एकट्या पित्याची नाही. १९५६ च्या हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायद्याने नैसर्गिक पालक म्हणून पिता आणि ‘त्याच्यानंतर’ माता असा क्रम लावला. ‘नंतर’ म्हणजे केवळ त्याच्या मृत्यूनंतर नव्हे, असा अर्थ सर्वोच्च न्यायालयाला १९९९ मध्ये गीता हरिहरन प्रकरणात लावावा लागला.

तथापि प्राचीन ग्रंथांत सर्व समता भरलेली होती, असे भाबडे समर्थन येथे अभिप्रेत नाही. स्वतः बाबासाहेबांनी १९५१ मध्ये ‘महाबोधि’ नियतकालिकातील लेखात, स्त्रियांविषयी बुद्धांच्या तोंडी घातलेला महापरिनिब्बान सुत्तातील उपदेश चिकित्सेने नाकारला होता. दीघनिकायातील सिगालोवाद सुत्तही तसेच वाचले पाहिजे. पतीने आणलेले धन पत्नीने राखावे, असे तेथे आहे. म्हणजे कमावता पुरुषच गृहीत धरला आहे. परंतु त्याच सुत्तात पतीची पाच कर्तव्ये येतात : सन्मान करणे, अवमान न करणे, एकनिष्ठ राहणे, ‘इस्सरियवोस्सग्ग’ आणि अलंकार देणे. चौथा शब्द मोलाचा आहे. ‘इस्सरिय’ म्हणजे ईश्वरत्व, स्वामित्व, अधिकार. ‘वोस्सग्ग’ म्हणजे सोडून देणे, सुपूर्द करणे. घरातील अधिकार सोडणे हे येथे पतीचे कर्तव्य म्हणून सांगितले आहे.

आपल्या विवाहसंस्कारात वर-वधूच्या प्रतिज्ञा याच सुत्तावरून घेतलेल्या आहेत. परंतु प्रचलित संस्कारपुस्तिकांत या चौथ्या प्रतिज्ञेचा अर्थ पुष्कळदा धनदौलत देऊन पत्नीला संतुष्ट ठेवणे, असा केलेला आढळतो. घोटाळ्याचे मूळ भाषेत असावे. मराठीत ‘ऐश्वर्य’ या शब्दातील स्वामित्वाचा अर्थ मागे पडून संपत्तीचा अर्थ उरला आहे. परिणाम मात्र केवळ भाषिक नाही. अधिकार सोडण्याची प्रतिज्ञा दान देण्याची प्रतिज्ञा झाली आणि देणारा पुन्हा ‘कर्ता’च राहिला. पाचव्या कर्तव्यात अलंकार आहेतच, मग चौथ्यात संपत्ती कशाला, हा साधा प्रश्नही पुस्तिका छापताना विचारला जात नाही.

पुढील आवृत्ती काढणाऱ्यांनी ही एक ओळ पालीशी ताडून पाहावी. वडिलांच्या पश्चात मुलींकडून हक्कसोडपत्रावर सह्या घेण्याची रीत आपल्या वस्त्यांतही रुळली आहे. ‘माहेर तुटायला नको’ म्हणून बहीण सही करते आणि भाऊ तिला साडी-चोळी देतो. सिगालोवादातील ‘वोस्सग्ग’ तेथे घडतो खरा, पण सोडणारी बहीण असते.