डोंगरांपलीकडची माणसं

अंतोनियो रेइस आणि मार्गारिदा कोर्देइरो या पोर्तुगीज पती-पत्नींच्या चित्रपटांना हमखास 'काव्यात्म' म्हटलं जातं. आम्हाला या शब्दाची जरा धास्तीच आहे. धुकं, मेंढ्या आणि म्हातारीच्या सुरकुत्या दाखवायच्या, शहरातल्या प्रेक्षकानं 'वा!' म्हणायचं आणि घरी जायचं, यालाही काव्यात्मच म्हणतात. मग या दोघांचं काव्य त्यातलंच का? आमच्या मते नाही. पण नुसतं 'नाही' म्हणून भागत नाही, पुरावा द्यायला हवा.

रेइस हे छापील पुस्तकं असलेले कवी. बाई मानसोपचारतज्ज्ञ. १९७४ चा 'झायमे' हा लघुपट लिस्बनच्या मनोरुग्णालयात आयुष्याची अनेक वर्षं काढलेल्या आणि साठी उलटल्यावर चित्रं काढू लागलेल्या एका शेतमजुराविषयी आहे. त्यावर दिग्दर्शक म्हणून नाव रेइस यांचं, पण बाईंच्या वैद्यकीय नजरेशिवाय तो झालाच नसता. रोगी ऐकवत असतो, डॉक्टरनं मध्ये बोलायचं नसतं. ही शिस्त पुढच्या सगळ्या कामात दिसते.

१९७६ चा 'त्राश-उश-मोंतेश' हा खरा पाया. हे पोर्तुगालच्या ईशान्य कोपऱ्याचं नाव, अर्थ 'डोंगरांपलीकडे'. बाईंचं मूळ गाव याच मुलखातलं. २५ एप्रिल १९७४ ला लिस्बनमध्ये हुकूमशाही कोसळली होती. कॅमेरे घेऊन बरेच जण कारखान्यांत आणि दक्षिणेकडे, मजुरांनी ताब्यात घेतलेल्या जमिनींवर धावले. हे दोघं मात्र उत्तरेला गेले. कोणी म्हणेल, ऐन क्रांतीत हे पाठ फिरवणं झालं. आक्षेप फुसका नाही. जमीन कोणाची, राईचा भाव काय, हे हा चित्रपट सांगत नाही.

मग सांगतो काय? तर गेलेली माणसं. सालाझारच्या काळात लाखो पोर्तुगीज फ्रान्सला पोटासाठी गेले, आणि १९६१ पासून तरुण पोरं आफ्रिकेतल्या युद्धांवर. गावात उरल्या बायका, म्हातारे, पोरं. अर्जेंटिनाला गेलेला बाप आणि त्याला जेमतेम ओळखणारी लेक, एवढ्याशा प्रसंगात ते सगळं येतं. कोणी रडत नाही. निवेदक तर नाहीच! हे कोण, गाव कुठलं, साल कुठलं, काही म्हणजे काही कळत नाही. सुरुवातीला वैताग येतो, हे आम्ही लपवत नाही.

आणि मग तो काफ्का. त्याच्या चीनच्या भिंतीच्या कथेतला मजकूर इथे मिरांदी भाषेत ऐकू येतो. ही त्या कोपऱ्यातली वेगळी भाषा, जिला कायद्यानं मान्यता मिळाली ती थेट १९९९ साली. राजधानी इतकी लांब, की तिथून निघालेला हुकूम पोचेपर्यंत शिळा होतो. राज्य कोणाचं, हेही धड ठाऊक नाही. शेतकऱ्यांच्या भाषेत हे ऐकताना अंगावर काटा येतो. आमच्या मते चित्रपटाचं राजकारण ते हेच. गोव्यातल्या श्रोत्यांना वेगळं सांगायला नको. १९६१ च्या डिसेंबरपर्यंत त्यांच्यावरचे कायदेही त्याच लिस्बनहून यायचे. राज्यकर्त्यांच्या घरातही असा मागचा अंगण होता, हे आपण सहसा ध्यानात घेत नाही.

काळाचं म्हणाल तर तिथे दोन पोरं भटकायला जातात आणि परततात तेव्हा पिढ्या उलटलेल्या असतात. ना संगीताचा इशारा, ना कॅमेऱ्याची करामत. तत्त्वज्ञानाचे विद्यार्थी म्हणून आम्ही काळावर पुष्कळ पानं उलटली, पण काळ रेषेत चालत नाही हे इतकं सहज कोणी दाखवलेलं नाही. रात्रीच्या आगगाडीची शिट्टी आणि तो धूर तर विसरताच येत नाही. ती माणसं नेणारी गाडी आहे, आणणारी नव्हे.

'आना' (१९८२) अधिक आटोपशीर, आणि आमच्या लेखी जास्त चांगला. आजी झाली आहे खुद्द बाईंची आई. त्यात मध्येच एक प्राध्यापक मेसोपोटेमियातल्या तराफ्यांवर बोलू लागतात. हे काय मध्येच, असं वाटतं. मग लक्षात येतं की डोंगरातल्या म्हातारीचं घर आणि मानवजातीचा उगम एकाच मापानं मोजला जातोय. शेवटचा 'रोझा दे आरेइया' (१९८९) मात्र आम्हाला पेलला नाही. तिथे उताऱ्यांचं ओझं होतं, माणसं पुतळ्यांसारखी उभी राहतात.

रेइस १९९१ ला गेले. लिस्बनच्या चित्रपटशाळेत त्यांनी शिकवलं, आणि पेद्रो कोस्ता त्यांचा विद्यार्थी. कोस्तानं पुढे लिस्बनच्या झोपडवस्तीत केप व्हर्दहून आलेल्या लोकांसोबत वर्षानुवर्षं काम केलं. पुढल्या खेपेस त्याच्याकडे वळू. तोवर जमलं तर 'आना' पाहून या, मोठ्या पडद्यावर मिळाला तर उत्तमच.